रेव्हरंड नारायण वामन टिळक: चरित्र व भजनकार्य

महोत्सवाच्या प्रसंगी ज्यांच्या हातून धर्मग्रामाची उभारणी झाली त्या धर्मगुरूंचे, धर्मभगिनींचे व दात्यांचे कृतज्ञतेने स्मरण करण्याची आपली रीत आहे, आणि ती योग्यच आहे. तथापि रविवारी वेदीभोवती जमल्यावर आपल्या मुखी जे मराठी भजन येते, ते आपल्या भाषेत व आपल्या चालीवर कोणत्या मार्गाने आले, ह्याचा विचार आपल्या हातून क्वचितच होतो. गायकवृंदातील मुलामुलींस भजने तोंडपाठ असतात. परंतु मराठी ख्रिस्ती भजनाची वाट कोणी रुंद केली असे विचारले असता पुष्कळदा उत्तर मिळत नाही. ह्यास्तव प्रस्तुत स्मरणिकेत रेव्हरंड नारायण वामन टिळक ह्यांचे चरित्र थोडक्यात सादर करीत आहोत.

आरंभीच एक गोष्ट स्पष्ट सांगितली पाहिजे. टिळक कॅथलिक नव्हते. त्यांचा स्नानसंस्कार अमेरिकन मराठी मिशनच्या मंडळीत झाला आणि अखेरपर्यंत ते प्रॉटेस्टंट पंथाचेच राहिले. परंतु द्वितीय व्हॅटिकन परिषदेने १९६४ साली असे शिकविले की, आपल्यापासून विभक्त असलेल्या बंधूंच्या ठायी जे खरे ख्रिस्ती धन आढळेल ते आपण आनंदाने ओळखावे व त्याचा मान राखावा. टिळकांची भजने हे असेच धन होय. शिवाय त्यांच्या आयुष्यातील शेवटची वर्षे आपल्या सातारा प्रांतात गेली. तेव्हा कृष्णाकाठच्या ख्रिस्ती जनांस ते परके नाहीत.

नारायणरावांचा जन्म ६ डिसेंबर १८६१ रोजी रत्नागिरी जिल्ह्यातील करजगाव येथे चित्पावन ब्राह्मण कुळात झाला. वडील वामनराव सरकारी नोकर असून स्वभावाने अत्यंत कडक होते. आई जानकीबाई मात्र मायाळू व काव्याची आवड असलेल्या होत्या. आईची ही आवड मुलात उतरली, आणि ती लहानपणीच अंतरल्याचे दुःखही त्याच्या मनात कायमचे राहिले. प्राथमिक शिक्षण कल्याणास झाले. पुढे नाशिक येथे गणेशशास्त्री लेले ह्यांच्यापाशी त्यांनी संस्कृत काव्याचे अध्ययन केले व तेथेच काही काळ इंग्रजी शाळेत घालविला. गरिबीमुळे शिक्षण अपुरे सोडून त्यांस पोटामागे लागावे लागले.

१८८० च्या सुमारास त्यांचा विवाह नाशिकजवळील जलालपूर येथील गोखल्यांच्या मनकर्णिका ह्या अकरा वर्षांच्या मुलीशी झाला. सासरी तिचे नाव लक्ष्मी ठेवण्यात आले. ह्याच त्या पुढे महाराष्ट्रास सुपरिचित झालेल्या लक्ष्मीबाई टिळक होत. संसार मांडला गेला, पण पतीचे पाऊल एका ठिकाणी ठरेना. कधी शिक्षक, कधी पुराणिक, कधी छापखान्यात खिळे जुळविणारा, असे अनेक व्यवसाय टिळकांनी केले. एके दिवशी घरी असावे आणि दुसऱ्या दिवशी कोणास न सांगता परगावी निघून जावे, हा त्यांचा क्रम होता. हातात आलेला पैसा दुसऱ्याच्या गरजेस देऊन मोकळे व्हावे आणि घरात चूल पेटण्याची पंचाईत पडावी, असेही वारंवार घडे. ह्या भ्रमंतीच्या मुळाशी केवळ लहर नव्हती. जातिभेदाने पोखरलेल्या आपल्या समाजास उभारी देईल असा धर्म कोणता, हा प्रश्न त्यांस स्वस्थ बसू देत नव्हता.

१८९१ साली नागपुरास संस्कृत ग्रंथांच्या भाषांतराचे काम मिळाले. तेथे आप्पासाहेब बुटी ह्यांच्या आश्रयाने त्यांनी धर्मचर्चेस वाहिलेले ऋषि नावाचे मासिक काही काळ चालविले. ह्यानंतर १८९३ साली नोकरीच्या शोधात ते राजनांदगाव संस्थानाकडे आगगाडीने निघाले असता, डब्यात अर्नेस्ट वॉर्ड नावाच्या एका मिशनऱ्याची गाठ पडली. काव्यावरून निघालेले बोलणे धर्मावर आले. निरोप घेताना त्या गृहस्थाने पवित्र शास्त्राची एक प्रत टिळकांच्या हाती दिली आणि दोन वर्षांच्या आत तुम्ही ख्रिस्ती व्हाल असे भाकीत केले. पुस्तक वाचण्याचे वचन दिले होते म्हणून टिळकांनी ते उघडले. आरंभी मन लागेना; परंतु मत्तयाच्या शुभवर्तमानातील डोंगरावरील प्रवचनापाशी येताच त्यांस पुढे जाववेना व मागेही फिरवेना. शत्रूवर प्रीती करण्याचा तो उपदेश त्यांच्या अंतःकरणात खोल रुतून बसला.

श्रद्धा बसली तरी पाऊल उचलणे सोपे नव्हते. त्या काळी ब्राह्मणाने ख्रिस्ती होणे म्हणजे जिवंतपणी मरणे होते. नातलगांचे दार बंद होई, पत्नी व मुले दुरावत आणि जन्मगावात पाण्याचा घोटही मिळेनासा होई. हे सर्व जाणून १० फेब्रुवारी १८९५ रोजी त्यांनी मुंबईस स्नानसंस्कार घेतला. आपण हे पाऊल टाकीत आहोत ह्याची खबर त्यांनी लक्ष्मीबाईंस दिली नव्हती. ही वार्ता कानी आली तेव्हा त्या माउलीवर आकाश कोसळले. लहानग्या दत्तूस पोटाशी धरून त्या माहेरच्या माणसांच्या आश्रयाने राहिल्या. ह्यापैकी काही दिवस त्यांनी पंढरपुरास काढले. जवळजवळ पाच वर्षे पतिपत्नींची ताटातूट होती. चरित्रकाराने टिळकांचे मोठेपण गाताना ही पाच वर्षे झाकून ठेवू नयेत; कारण त्यांच्या श्रद्धेचे मोल त्यांच्याइतकेच, किंबहुना काही अंशी अधिक, त्यांच्या पत्नीने भरले. पुढे लक्ष्मीबाई पतीकडे परत आल्या त्याही ख्रिस्ती होण्यासाठी आल्या नव्हत्या. सोवळेओवळे सांभाळीतच त्यांनी नगर जिल्ह्यातील ख्रिस्ती वस्तीत पाऊल टाकले. दररोजच्या सहवासाने त्यांचे मन हळूहळू पालटले, आणि १९०० साली त्यांनी स्वतःच्या खुषीने स्नानसंस्कार घेतला.

स्नानसंस्कारानंतर टिळक अहमदनगर येथे येऊन तेथील ईश्वरविज्ञान शाळेत शिकवू लागले. १९०४ साली त्यांस पाळकपदाची दीक्षा मिळाली. शहरात व राहुरीच्या परिसरात त्यांची पुष्कळ वर्षे गेली. तो काळ दुष्काळाचा व प्लेगाचा होता. अनाथ मुले टिळकांच्या घरी येऊन राहत, आणि लक्ष्मीबाई त्यांस पोटच्या मुलांप्रमाणे वाढवीत. ह्याच घरात बालकवी ठोमरे ह्यांनी काही काळ वास्तव्य केले. १९०७ साली जळगावच्या कविसंमेलनात चमकलेल्या ह्या तरुण कवीवर टिळक दांपत्याने पुत्रवत माया केली.

आता टिळकांच्या मुख्य कार्याकडे वळू. ते ख्रिस्ती झाले तेव्हा मराठी मंडळ्यांत गायन नव्हते असे नाही. परंतु प्रार्थनामंदिरात जे गायिले जाई त्यात इंग्रजी व अमेरिकन गीतांचे मराठी रूपांतर फार असे. परदेशी चाल कायम ठेवून तीत मराठी शब्द बसविण्यात येत. ह्यात अडचण काय होती हे गायनाची थोडी माहिती असणाऱ्यास सहज कळेल. इंग्रजी गीताची रचना शब्दातील आघातावर चालते. मराठी पद्याची रचना अक्षरांच्या संख्येवर किंवा ऱ्हस्वदीर्घाच्या मात्रांवर चालते. परक्या चालीत मराठी शब्द कोंबला की दीर्घ अक्षर आखूड होते, ऱ्हस्व अक्षर ताणले जाते, आणि रोजच्या बोलण्यातील शब्द ओळखू येईनासा होतो. शिवाय अशा गीतासाठी हातात पुस्तक हवे आणि पुस्तक वाचता यावयास हवे. खेड्यातील ख्रिस्ती जनांपैकी बहुतेक निरक्षर होते. ते उभे राहत, ओठ हलवीत, परंतु अंतःकरण मुके राही.

ह्या उणिवेकडे टिळकांच्या आधीही काहींचे लक्ष गेले होते. अहमदनगरचे कृष्णराव रत्नाजी सांगळे ह्यांनी ख्रिस्ती कीर्तनाचा पाया घातला व पुष्कळ पदे रचली, हे येथे कृतज्ञतेने नमूद केले पाहिजे. आपल्या कॅथलिक परंपरेत तर ह्याहून जुना दाखला आहे. फादर थॉमस स्टीफन्स हे इंग्लंडात जन्मलेले जेझुइट धर्मगुरू १५७९ साली गोव्यास आले, मराठी शिकले, आणि १६१६ साली त्यांचे ख्रिस्तपुराण राचोल येथे छापून निघाले. सुमारे ११,००० ओव्यांचा हा ग्रंथ गोव्याच्या खेड्यापाड्यांतील चर्चमध्ये जमलेले भाविक एकत्र ऐकत व गात. पुढे १६८४ साली पोर्तुगीज सत्तेने देशी भाषेच्या विरुद्ध फर्मान काढले आणि ती परंपरा क्षीण झाली. फादर स्टीफन्स १६१९ साली निवर्तले. टिळक १९१९ साली. बरोबर तीनशे वर्षांच्या अंतराने हे दोन पुरुष होऊन गेले. एकाने परकी जन्मभाषा सोडून मराठी आपलीशी केली. दुसऱ्याने जन्माची मराठी ख्रिस्तचरणी वाहिली.

टिळकांनी जे साधन हाती घेतले ते अभंगाचे. त्यांची तुकोबारायांवर अपार भक्ती होती. तुकारामाच्या पुलावरून आपण ख्रिस्ताकडे आलो असे ते सांगत असत. मोठ्या अभंगात सहा, सहा, सहा व चार अक्षरांचे चार चरण असतात आणि दुसऱ्या व तिसऱ्या चरणाचे यमक जुळते. त्यामुळे एकदा ऐकलेली ओळ मनात राहते. पुढारी एक चरण म्हणतो, मागची मंडळी तोच उचलतात, आणि ध्रुपद सर्वांच्या मुखी येते. त्यास पुस्तक लागत नाही. टाळ, मृदंग, चिपळ्या व वीणा ही वाद्ये गावात असतातच. ज्या महार व मांग बांधवांनी त्या काळी नगर जिल्ह्यात मोठ्या संख्येने ख्रिस्ताचा स्वीकार केला, त्यांच्यात एकतारीवरील भजनाची परंपरा पिढ्यान्‌पिढ्या चालत आलेली होती. मिशनच्या शाळेने त्यांस अक्षरे दिली. परंतु गळा त्यांचा आधीच तयार होता. त्यास साजेसे गीत मिळणे एवढेच बाकी होते, आणि ते टिळकांनी दिले. शास्त्र्यांपाशी बसून मिळविलेली काव्यविद्या त्यांनी ज्यांस देवळाची पायरीही चढू देत नसत त्यांच्या ओटीत घातली. त्यांच्या पंक्तीस बसून ते जेवले व त्यांच्या मेळ्यात उभे राहून त्यांनी भजन केले. माझ्या मते त्यांच्या काव्यगुणांहूनही ही गोष्ट थोर आहे.

कीर्तनही त्यांनी ह्याच हेतूने हाती घेतले. कीर्तनकार पुढे उभा राहतो. पाठीशी टाळकरी व साथीदार असतात. पूर्वरंगात तत्त्व मांडले जाते आणि उत्तररंगात आख्यान रंगते. ह्या घाटात प्रभु येशूचे चरित्र सांगितले की ऐकणारा परका राहत नाही. मधूनमधून तो स्वतःच गाऊ लागतो. व्याख्यानापेक्षा ह्या पद्धतीने शुभवर्तमान खेड्यातील माणसाच्या हृदयापर्यंत लवकर पोहोचते, असा टिळकांचा अनुभव होता.

त्यांच्या भक्तिपर अभंगांचा संग्रह अभंगांजली ह्या नावाने प्रसिद्ध आहे. प्रॉटेस्टंट मंडळ्यांच्या उपासना संगीत ह्या गीतसंग्रहात एकट्या टिळकांची गीते दोनशेंहून अधिक आहेत, ह्यावरून त्यांच्या कामगिरीचा विस्तार ध्यानात यावा. निकोल मॅक्निकॉल ह्यांनी त्यांतील काही गीते इंग्रजीत उतरविली व ती परदेशच्या स्तोत्रसंग्रहांत गेली. जेथून आपल्याकडे गीते येत होती तेथेच मराठी भजन जाऊन पोहोचले, ही मोठी आनंदाची गोष्ट होय. ह्याखेरीज लहान मुले, फुले व पाखरे ह्यांवरील त्यांच्या कवितांनी मराठी शाळांतील कित्येक पिढ्यांस लळा लावला, आणि त्यांच्या देशभक्तिपर कवितांनी हे दाखवून दिले की ख्रिस्ती झाल्याने कोणी आपल्या मायभूमीस अंतरत नाही. १९१२ पासून ज्ञानोदय ह्या जुन्या पत्राच्या मराठी भागाचे संपादनही त्यांच्याकडे होते.

१९१७ साली टिळकांच्या आयुष्यास शेवटचे वळण लागले. वय पंचावन्न उलटलेले, प्रकृती खालावलेली, घरात मिळकत बेताची. अशा स्थितीत त्यांनी मिशनची नोकरी व तिचा पगार सोडला. मिशनशी त्यांचे वैर नव्हते. परंतु पगारी धर्मसेवकाचे बोलणे लोक ऐकतात आणि त्याच्या पगाराकडे पाहतात, हे त्यांस फार दिवस टोचत होते. संन्याशाच्या वृत्तीने राहावे, ईश्वर जे देईल त्यावर भागवावे आणि आपल्याच लोकांत मिसळून ख्रिस्ताची ओळख द्यावी, असा निश्चय करून ते साताऱ्यास येऊन राहिले. तेथे त्यांनी देवाचा दरबार स्थापिला. ज्यांनी स्नानसंस्कार घेतला आहे ते, आणि ज्यांनी घेतला नाही परंतु ज्यांच्या मनात ख्रिस्ताविषयी भक्ती आहे ते, अशा सर्वांनी एकत्र बसून भजन, प्रार्थना व सेवा करावी, अशी ह्या दरबाराची कल्पना होती.

येथे कॅथलिक वाचकाच्या मनात एक शंका येईल, आणि ती रास्त आहे. स्नानसंस्काराने माणूस ख्रिस्तसभेचा घटक होतो; ती सीमा अशी सैल करता येईल काय? आपल्या श्रद्धेप्रमाणे येणार नाही. संस्कारांचे महत्त्व टिळकांच्या ह्या योजनेत मागे पडले, हे मान्य केले पाहिजे. परंतु त्यांच्या मनातील कळ ओळखणे हेही आपले कर्तव्य आहे. दाराशी येऊन थबकलेल्या माणसास निदान ओसरीवर बसवून घ्यावे, त्याच्या कानी प्रभूचे नाम पडू द्यावे, ही ती कळ होती. स्वतः त्यांनी दोन वर्षे अशीच दाराशी उभे राहून काढली होती.

टिळकांच्या ह्या अखेरच्या दिवसांतील सातारा प्रांत आजच्यासारखा नव्हता. १९४९ साली त्याचा दक्षिण भाग वेगळा करून दक्षिण सातारा जिल्हा झाला व १९६० साली त्यास सांगली हे नाव मिळाले. आपले कुंडल गाव त्या काळी औंध संस्थानात मोडत होते, आणि औंधचे अधिपती बाळासाहेब पंतप्रतिनिधी हे स्वतः कीर्तन करीत. राजापासून रयतेपर्यंत टाळमृदंगाचा नाद ज्यांच्या अंगवळणी पडला होता अशा ह्या मुलखात टिळकांनी आपले ख्रिस्ती भजन आणले. बी टाकावयास त्यांनी भूमी अचूक निवडली होती.

परंतु पीक पाहण्याचे त्यांच्या नशिबी नव्हते. दुखणे बळावले आणि ९ मे १९१९ रोजी मुंबई येथे त्यांनी देह ठेवला. वय सत्तावन्न वर्षांचे होते. देवाचा दरबार त्यांच्या पश्चात फार काळ टिकला नाही. ख्रिस्तचरित्रावरील ख्रिस्तायन हे त्यांचे महाकाव्यही अपुरे राहिले. सुरुवातीचे दहा-अकरा अध्यायच त्यांच्या हातून झाले होते. ज्या पत्नीस न कळविता त्यांनी धर्मांतर केले होते, तिनेच ते काव्य पुढे नेले. शाळेचे तोंड न पाहिलेल्या लक्ष्मीबाईंनी चौसष्ट अध्याय रचले, १९३६ साली त्या निवर्तल्यावर पुत्र देवदत्त ह्यांनी शेवटचा अध्याय जोडला, आणि १९३८ साली ग्रंथ प्रसिद्ध झाला. एका घरातील तिघांनी मिळून प्रभूचे चरित्र गायिले. लक्ष्मीबाईंची स्मृतिचित्रे तर मराठी आत्मचरित्रांत अग्रस्थानी मानली जातात. टिळकांचे गुण व दोष दोन्ही त्यांत प्रेमाने व निर्भयपणे सांगितलेले आहेत. जे. सी. विन्स्लो ह्या इंग्रज धर्मोपदेशकाने १९२३ साली टिळकांचे इंग्रजी चरित्र लिहून त्यांची कीर्ती महाराष्ट्राबाहेर नेली.

कॅथलिक उपासनेत देशी भाषेस व देशी संगीतास मोकळी वाट मिळाली ती द्वितीय व्हॅटिकन परिषदेनंतर. ४ डिसेंबर १९६३ रोजी प्रसिद्ध झालेल्या पवित्र उपासनेविषयीच्या संविधानाने सांगितले की, ज्या लोकांची स्वतःची संगीतपरंपरा आहे त्यांच्या त्या परंपरेस उपासनेत योग्य स्थान द्यावे. लॅटिन मिस्साच्या जागी मराठी मिस्सा आला, आणि मराठी भजनाची निकड आपल्यालाही भासू लागली. टिळक त्या दिवसापूर्वी चव्वेचाळीस वर्षे हे जग सोडून गेले होते. परंतु मराठी माणसाने मराठी चालीवर प्रभूस आळविले तर भक्तीत काही उणे येत नाही, हे त्यांनी आपल्या आयुष्याने सिद्ध करून ठेवले होते.

गायकवृंदातील तरुणांनी ह्या चरित्रापासून काय घ्यावे? माझ्या अल्पमतीप्रमाणे दोन गोष्टी घ्याव्यात. पहिली ही की, गायन हे मंडळीचे आहे. गायकवृंदाने पुढे होऊन चरण म्हणावा तो मागच्या बाकावरील म्हातारीने उचलावा म्हणून. पेटी व तबला ह्यांच्या गजरात तिचा आवाज बुडाला तर गायन सुरेल होऊनही उपासना अपुरी राहते. दुसरी ही की, जे भजन आज आपण सहज गातो त्याचे मोल कोणीतरी भरलेले आहे. कोणी घर सोडले, कोणी पाच वर्षे विरह सोसला, कोणी हातचा पगार सोडून दिला. हे ध्यानात ठेवून गायिलेल्या भजनास निराळेच तेज येते.

पवित्र मरिया मातेने आपल्या स्तोत्रात दीनांस उंच करणाऱ्या परमेश्वराचा महिमा गायिला. तेच गीत ह्या धर्मग्रामात पुढील पिढ्यांच्या मुखी आपल्या मायबोलीत सतत घुमत राहो, आणि ज्या भक्ताने त्यासाठी आपली वाणी झिजविली त्याच्या आत्म्यास प्रभु चिरशांती देवो, हीच ह्या मंगल प्रसंगी प्रार्थना.